चमकुऱ्यावरचा नाकतोडा

आमच्या गावात मला आता 'टोळवाल्या मॅडम' म्हणतात. म्हणू द्या. लातूरला ज्युनियर कॉलेजात मी जीवशास्त्र शिकवते, तिथं मला सगळे नीट मॅडम म्हणतात. पण कंधारच्या अलीकडं आमच्या फाट्यावर एसटीतून उतरले की पानटपरीवरून कुणीतरी विचारतंच, "मॅडम, टोळ काय म्हणून राहिलेत?" मी पिशवी खाली ठेवते आणि दर वेळी तेच सांगते. ते टोळ नव्हते, नाकतोडे होते, आणि हे तुम्हाला माझ्याइतकंच ठाऊक आहे. ते हसतात. मी हसत नाही. त्या किड्याचं निमित्त करून माझ्या मायची जागा घ्यायला निघाले होते, आणि ही गोष्ट हसण्यावारी न्यायला मी अजून तयार नाही.

जागा म्हणजे काही मळा नव्हे. गावाच्या वरच्या अंगाला जुनं तळं आहे. तळ्याच्या पाळीखाली, म्हणजे मातीच्या बांधाखाली, पाणी बारा महिने झिरपतं आणि तिथं एक चिंचोळी पट्टी कायम ओली राहते. तिच्या एका बाजूला गुडघाभर पाण्याचं डबकं, दुसऱ्या बाजूला कोरडा काठ. लग्न होऊन आल्यावर मायनं देगलूरकडच्या आपल्या माहेरातून चमकुऱ्याचे गड्डे आणले आणि त्या चिखलात रोवले. बुद्धविहाराच्या मागं आमची गल्ली. गल्लीत कुणाच्या नावावर रान नाही. त्या ओलीवरही कुणाचं नाव नव्हतं, सरकारी जमीन, कुणालाच नको असलेली. माय म्हणायची, कुणाला नको ते आपलं. वडील लवकर गेले. त्यानंतर भावाचं आणि माझं शिक्षण त्या पानांच्या जुड्यांवर झालं. कंधारच्या बाजारात माय अजूनही जुड्या घेऊन बसते.

चमकुरा म्हणजे पुण्याकडं ज्याला अळू म्हणतात ते. पुण्याला एका प्रशिक्षणात मी चमकुरा म्हटलं, तर शेजारच्या बाईंनी 'किती गोड शब्द' म्हणून मान वाकडी केली. गोडबिड काही नाही. नीट शिजवला नाही तर घसा धरतो, हे मी त्यांना तिथंच सांगितलं.

भाऊ लातूरला असतो. फ्लॅट आहे, लिफ्ट आहे, मायसाठी वेगळी खोलीसुद्धा काढून ठेवलीय. तो तिला सारखा ये म्हणतो. एकदा ती गेली. रोज सकाळी गॅलरीत उभी राहून खाली बघायची आणि सुनेला विचारायची, इथलं सांडपाणी कुठं जातं? सुनेला काही सांगता येईना. आठवडा भरायच्या आत माय परत आली. मला म्हणाली, "लई चांगलं ठेवलं पोरानं. पन तिथं म्या पाव्हनी हाय. चमकुरा हाय तवर मला कुनाच्या दारात पाव्हनी व्हायची गरज न्हाई." म्हणजे हिशेब साधा होता. पट्टी राहिली तर माय तिच्या घरात, पट्टी गेली तर माय लातूरच्या गॅलरीत. हे भावालाही माहीत होतं आणि मलाही.

आता किडा. तो हिरवागार असतो, डोळ्यामागून पाठीच्या कडेनं तपकिरी पट्टा, मागच्या पायांची नडगी निळसर. चमकुऱ्याच्या पानाच्या कडा तो कुरतडतो. पानाच्या मधोमध कधी तोंड लावत नाही, कडेकडेनंच खात आत येतो. कड गेलेलं पान वडीसाठी गुंडाळताना फाटतं, म्हणून ते बाजारात कुणी घेत नाही. त्यामुळं माय त्याला जन्माचा वैरी समजते. आपण हात पुढं केला की तो देठाच्या मागं सरकतो. आणखी जवळ गेलं की सरळ पाण्यात उडी. नुसती उडी नाही, पाय मारत पोहतो, बुडी घेतो आणि पाण्याखाली एखादा देठ धरून गप बसून राहतो. मादी अंडी घालते तीही चमकुऱ्याच्या देठातच. पुस्तकात याला अर्धजलीय म्हणतात. आम्ही लहानपणी त्याला बेडकाचा जावई म्हणायचो.

पट्टीत काठाकडून शिरलं तर सगळे पाण्यात जातात, आणि आपली पाठ वळली की परत पानावर. म्हणून माय पाण्याच्या बाजूनं शिरायची. लुगडं खोचून डबक्यात उतरायची आणि हातातल्या काठीनं देठ हलवत काठाकडं यायची. पाण्याची वाट बंद झाली की किडे कोरड्यावर उड्या घ्यायचे. कोरड्यावर आमच्या कोंबड्या उभ्या असायच्या. पुढचं त्या बघायच्या. फवारा तिनं कधी मारला नाही, कारण त्याच डबक्यात गल्लीतल्या शेळ्या पाणी पितात.

नावं मात्र ह्या किड्याला गल्लीगल्लीत वेगळी. माय मिडता म्हणते, तो तिच्या माहेरचा शब्द, तिकडं तेलुगू आणि कन्नड दोन्ही कानावर पडतात. शेजारच्या चाची टिड्डा म्हणतात. गाव नाकतोडा म्हणतं. नाकतोडा नाक तोडतो अशी भीती आम्हाला घालायचे, म्हणून शाळेत असताना मी एक पकडून सगळ्यांदेखत नाकाला लावला. नाक आहे तसंच आहे, जरा फेंदारलेलं, पण ते मायकडून आलंय. पुढं मी शिकवायला लागले तेव्हा वर्गात एका पोरीनं विचारलं, अळूवर अळी पडते म्हणून त्याला अळू म्हणतात का? मी म्हटलं, नाही. शब्द कानाला सारखे लागले म्हणून सख्खे भाऊ होत नाहीत. तुडतुडा वेगळा, नाकतोडा वेगळा. टोळ आणि टोळी हे दोन शब्द मात्र मला नेहमी एकमेकांच्या शेजारी बसलेले वाटतात. कारण टोळ थव्यानं येतो, उतरेल तिथलं रान साफ करतो आणि उडून जातो. आमचा नाकतोडा टोळी करत नाही. जन्मला त्याच डबक्यात मरतो.

कोरोनाच्या वर्षी कॉलेज बंद झालं आणि मी गावी येऊन अडकले. घरात रेंज नव्हती. तळ्याच्या पाळीवर चिंचेखाली मिळायची. तिथं दगडावर बसून मी मोबाइलवर तास घ्यायचे, आणि खाली पट्टीत माय काम करायची. त्याच उन्हाळ्यात टीव्हीवर टोळधाडीच्या बातम्या सुरू झाल्या. राजस्थानातून निघाले, मध्य प्रदेशात आले, विदर्भात उतरले. गावात लोकांना आधीच घरात बसून कंटाळा आलेला, त्यांना नवीन भीती मिळाली. थाळ्या काढून ठेवल्या, टोळ आले की बडवायला. टोळ काही आमच्याकडं आले नाहीत.

मग पेरण्या झाल्या, सोयाबीन गुडघ्याला आलं, आणि पाळीपलीकडच्या शेतकऱ्याच्या सोयाबीनची चाळण व्हायला लागली. ह्या माणसाची ओळख करून दिली पाहिजे. मायला तो मावशी म्हणायचा, दिवाळीला फराळ पाठवायचा. माणूस वाईट नाही, लोभी आहे, आणि लोभी कोण नसतं. मायची पट्टी जिथं आहे नेमकं तिथंच त्याला खड्डा करून मोटार बसवायची होती, कारण तिथलं पाणी आटत नाही. मायकडं त्यानं तसं बोलून दाखवलं होतं. माय म्हणाली होती, "तुला हीर हाय, बोर हाय. मला काय हाय?" तेवढ्यावर तो विषय मिटला असं आम्ही समजत होतो.

तो मिटला नव्हता. एक दिवस गावाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर व्हिडिओ आला. मायचा चमकुरा, त्यातून टणाटण उड्या मारणारे हिरवे किडे, आणि वर लिहिलेलं : आपल्या गावात टोळधाड, तळ्याखाली अड्डा, प्रशासन झोपलंय का. संध्याकाळपर्यंत तो व्हिडिओ मुदखेडच्या माझ्या मावसबहिणीकडूनसुद्धा मलाच परत आला. ग्रामसेवकानं लगेच कागदावर लिहिलं की सदर ठिकाणी टोळ या किडीचा प्रादुर्भाव आहे, सबब जागा साफ करून फवारणी करावी. व्हिडिओ कुणी काढला हे विचारायची गरज नव्हती. काढणाऱ्याची बैलजोडी मागं दिसत होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी जेसीबी आला. माझा तास चालू होता, पचनसंस्था. खालून घरघर ऐकू आली. बघते तर जेसीबीनं पट्टीच्या कोपऱ्यात पहिला दात घातला होता आणि चमकुऱ्याचा एक मोठा झुबका, गड्ड्यांसकट, हवेत लोंबत होता. मी मोबाइल हातात तसाच धरून पाळीवरून उतरले. तोपर्यंत माय त्या ताज्या खड्ड्यात उतरून बसली होती. मांडी घालून, कमरेइतक्या गढूळ पाण्यात. वर बघत ड्रायव्हरला म्हणत होती, "चालीव. माझ्यावरून चालीव की. कामून थांबलास?" पुढं तिनं जे म्हटलं ते मी इथं लिहीत नाही. माझ्या वर्गानं ते सगळं ऐकलं, कारण फोन चालूच होता. त्या दिवशी पोरांची पचनसंस्था राहून गेली. ड्रायव्हर परका होता, बिचाऱ्यानं इंजिन बंद केलं आणि म्हणाला, मला कुणी सांगितलं नव्हतं आत म्हातारी आहे म्हणून.

दुपारी ग्रामपंचायतीत बैठक झाली. सरपंच बाई आहेत, पण बोलतात त्यांचे मालक. ग्रामसेवक, शेतकरी, आणखी काही मंडळी, सगळे मास्क हनुवटीला लावून बसलेले. माय ओल्या लुगड्यानं दाराशी उभी राहिली. खुर्ची दिली तरी बसली नाही. मी बोलायला उभी राहिले आणि तुम्हाला खरं सांगते, मी माझं सगळं शिक्षण तिथं ओतलं. टोळ म्हणजे काय, नाकतोडा म्हणजे काय, टोळ वाळवंटाकडून येतो, हा पाण्याकाठी राहतो, टोळ उडतो, हा बुडतो. शब्द नीट वापरा, म्हटलं, कागदावर टोळ लिहिलंत म्हणून तो टोळ होत नाही.

सरपंचबाईंचे मालक शांतपणे म्हणाले, "मॅडम, तुमचं शिक्षण आम्हाला कबूल हाय. पन टोळ म्हना का नाकतोडा म्हना, पाला खातंयच की." सगळे हसले. शेतकरी म्हणाला, "माझी पानं बघा. चाळण झालीया. आता त्यो नाव सांगून खातो का न सांगता, मला काय करायचंय?"

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. नावानं काही होत नाही हे त्या खोलीत मला कळलं आणि ते कळल्याचा मला आणखी राग आला. मी म्हटलं, बरं. नावं सोडा. तुमचं सोयाबीन आणा, माझे किडे आणते. मच्छरदाणीत दोन्ही एकत्र ठेवू. बाजाराच्या दिवशी उघडून बघू. खाल्लं तर जेसीबी तुमचा. नाही खाल्लं तर ह्या जागेचं नाव परत कुणी तोंडात घ्यायचं नाही.

शेतकऱ्याचे डोळे चमकले. म्हणाला, "पन आत चमकुरा ठेवायचा न्हाई. ठेवला तर त्येच खातील. उपाशी ऱ्हाऊ द्या, मंग कळतंय सोयाबीन आवडतं का न्हाई." मी म्हटलं, चालेल. फक्त पाण्याचं घमेलं ठेवीन, पाण्याशिवाय ते जगत नाहीत. तो म्हणाला, "गाठ म्या मारनार. कुलूप बी माझं." मी म्हटलं, मारा.

बाहेर आल्यावर माय माझ्या पुढं चालत राहिली. गल्लीच्या तोंडाशी येऊन थांबली आणि म्हणाली, "भुकेलं मानूस काय बी खातंय. किड्याचा काय भरवसा? आन् इचारलं कुनाला तू?" मी म्हटलं, माय, त्यांनी आज ना उद्या जेसीबी परत आणलाच असता. ती म्हणाली, "आनू दे की. म्या बसले व्हते न्हवं?" आणि घरात गेली.

मला तिचं म्हणणं समजत होतं, पण मला माझंही समजत होतं. रोज उठून खड्ड्यात बसून जागा राखता येत नाही. तिचं वय बघता तिला ते एकदाच जमलं, आणि त्या थंड पाण्यानं तिचे गुडघे रात्रभर ठणकत होते. पुढच्या वेळी ड्रायव्हर परका नसता तर?

शाळा बंदच होती, म्हणून शाळेच्या व्हरांड्यात, जाळीच्या आत मच्छरदाणी बांधली. ती आमच्याच घरातली, ठिगळं लावलेली. शेतकऱ्यानं रानातून सोयाबीनची झाडं मुळासकट उपटून, तेलाच्या डब्यात मातीत लावून आणली. एकेक पान उलगडून सगळ्यांना दाखवलं. म्हणाला, "बघा, एक बी भोक न्हाई. ताजं हाय." मी पट्टीतून किडे धरून आणले. आयुष्यात पहिल्यांदा मी ते मारायला नाही, जगवायला धरत होते, आणि हात नेहमीसारखाच चालत होता. घमेल्यात पाणी भरलं. शेतकऱ्यानं मच्छरदाणीचं तोंड आवळून आपल्या सुताची गाठ मारली, बैलाला मारतात तशी, दुसऱ्या कुणाला न सुटणारी. व्हरांड्याच्या जाळीला कुलूप लावलं आणि किल्ली कमरेच्या करगोट्याला बांधली.

गावाला तेव्हा दुसरं कामच नव्हतं. लोक जाळीशी येऊन उभे राहायचे. किडे मच्छरदाणीच्या कापडावर बसलेले, कधी सोयाबीनच्या देठावर. संध्याकाळी सरपंचबाईंचे मालक आले आणि त्यांनी काठी आत घालून डब्याला टोचली. एक किडा देठावरून उडाला, थेट घमेल्यात, आणि बुडाला. पाण्याच्या तळाशी पडलेल्या काडीला धरून बसला. मालक म्हणाले, "मेलं का?" मी म्हटलं, थांबा. लोक थांबले. कुणीतरी तंबाखू मळली, ती खाऊन झाली, तरी किडा खालीच. मग तो सावकाश वर आला, काठावर चढला आणि पाय चोळत बसला.  मालक म्हणाले, "टीव्हीवरचं असं करत न्हाई."  त्या दिवशी मला बोलण्याचा कंटाळा आला होता.

माय एकदाही बघायला आली नाही. ती पट्टीत जायची, जेसीबीनं केलेल्या खड्ड्याकडं पाठ करून काम करायची. रात्री जेवताना मी म्हणाले, किडे सोयाबीनला शिवत नाहीत. ती म्हणाली, "अजून बाजार व्हायचाय."

बाजाराच्या आदल्या दिवशी सकाळी शेतकऱ्याचा पोरगा धावत घरी आला आणि दारातूनच ओरडला, पानाला भोकं पडली.  मी चप्पल न घालता गेले. व्हरांड्याबाहेर गर्दी. शेतकरी जाळीतून बोट दाखवत होता आणि त्याचं खरं होतं. सोयाबीनच्या वरच्या पानांना भोकं होती, गोल, मोठी. तो म्हणाला, "आता बोला मॅडम." त्याच्या आवाजात फार आनंद नव्हता हे कबूल करते. त्याला वाटत होतं की आपण खरे ठरलो, एवढंच.

गर्दीच्या मागं मायही आलेली होती. ती भोकांकडं बघत नव्हती. माझ्याकडं बघत होती.

मी जाळीला नाक लावून बघत राहिले. भोकं पानाच्या मधोमध होती. कडा शाबूत. मी जन्मभर ह्या किड्याची कुरतडलेली पानं वेगळी काढत आलेय. हा कडेनं खातो. मधून भोक पाडणं ह्याचं काम नव्हे. मी म्हटलं, कुलूप काढा. शेतकरी म्हणाला, "बाजाराला उघडायचं ठरलंय." मी म्हटलं, भोकं तुम्हाला आज दिसली, तर मलाही आजच बघू द्या. सरपंचबाईंच्या मालकांनी मान हलवली. शेतकऱ्यानं करगोट्याची किल्ली सोडली, कुलूप काढलं, मच्छरदाणीची गाठ बघितली, जशी मारली होती तशीच होती, आणि स्वतःच्या हातानं सोडली. त्याला दातसुद्धा लावावे लागले.

मी डब्यातलं एक झाड वाकवलं आणि पान उलटं केलं. पानाच्या शिरेला चिकटून, शिरेसारखीच हिरवी, एक अळी पसरली होती. मी तिला काडीवर घेतलं. काडीवर तिनं पाठीची कमान केली, पुढं सरकली, परत कमान केली. उंटअळी. आमच्याकडं सोयाबीन पेरणाऱ्या प्रत्येक माणसानं ती बघितलेली असते. मी काडी सगळ्यांसमोरून फिरवली, कुणाला काही न सांगता. दुसऱ्या पानाखाली आणखी एक निघाली.

शेतकरी लाल झाला. म्हणाला, "ही अळी तूच टाकली. रात्री येऊन टाकली."

सरपंचबाईंचे मालक त्याच्याकडं वळले. "गाठ कुनाची हाय?" त्यानं हातातलं सूत मुठीत घेतलं. "कुलूप कुनाचं? किल्ली कुनाच्या कमरेला व्हती?"  मग गर्दीतून त्याची बायको बोलली, पदर तोंडावर धरून, अगदी हळू. "आवं, ती आपल्याच रानातली हाय. खुरपताना म्याच तुमाला दाखविली व्हती. फवारा घ्या म्हनलं तर तुमी म्हनलात, टोळ हायेत, त्ये आधी घालवू."

कुणी हसलं नाही. आणली तेव्हा ती नजरेला न येण्याइतकी बारीक असणार, पण त्यानं आपल्या झाडाबरोबर आपलीच अळी आणली होती, आणि आपल्याच कुलपात तिला राखली होती. मला त्याची कीव आली नाही. येईल असं वाटलं होतं, पण आली नाही. मी मोठ्यानं विचारलं, ह्या जागेचं नाव परत कुणी घेणार आहे का? कुणी घेतलं नाही. ग्रामसेवकानं घसा साफ केला आणि आपल्या मोबाइलमध्ये बघायला लागला.

तेव्हा माय पुढं आली. ती मच्छरदाणीजवळ बसली आणि आतले किडे बघू लागली. उपाशी राहून काही मेले होते, घमेल्यात तरंगत होते. उरलेले कापडाला चिकटलेले, अशक्त. ती म्हणाली, "माझ्या जागेपायी उपाशी मेली बगा लेकरं." ज्यांना ती आयुष्यभर कोंबड्यांपुढं टाकत आली त्यांना. तिनं मच्छरदाणीचं तोंड मुठीत आवळलं आणि ती तशीच उचलून तळ्याकडं निघाली. लोक बाजूला झाले. मी घमेलं घेऊन मागं.

पट्टीवर तिनं मच्छरदाणी झटकली. किडे चमकुऱ्यावर पडले आणि लगेच पानाच्या कडेला लागले. माय त्यांच्याकडं बघत म्हणाली, "खा. आजच्या दिवस खा. उद्यापासून कोंबड्या हायेत."

मला वाटलं, आता ती माझ्याशी नीट बोलेल. निदान बरं केलंस म्हणेल. ती मच्छरदाणीची घडी घालत होती. घडी पुरी झाल्यावर म्हणाली, "जागा माझी. पैज तुझी. पुन्यांदा माझी जागा लावायची आसंल तर आधी मला इचारायचं. त्यो इचारल्याबिगर घ्यायला आला, तू इचारल्याबिगर लावलीस. फरक काय पडला?"

मी लगेच म्हणाले, फरक आहे, मी जिंकले. ती म्हणाली, "म्या हारले असते तर?"  मी तोंड वर करूनच उभी होते, आणि तीही.

जेसीबीचा खड्डा तसाच राहिला. पावसानं तो भरला. कुणीतरी म्हणालं, ग्रामपंचायत बुजवून देईल. माय म्हणाली, कुनी हात लावायचा न्हाई. मला वाटलं, राग म्हणून ठेवतेय. पुढच्या उन्हाळ्यात मी आले तेव्हा त्या खड्ड्यात तिनं गड्डे लावले होते. पट्टीतल्या सगळ्यात मोठ्या पानांचा चमकुरा आता तिथं आहे, कारण जेसीबीनं तिथला मुरूम उकरला आणि ओल खोलपर्यंत गेली. जिथं शेतकऱ्याला मोटार बसवायची होती, नेमक्या त्या कोपऱ्यात. त्याची बायको वड्यांसाठी पानं न्यायला येते तेव्हा माय तिला त्याच कोपऱ्यातली देते, निवडून.

परवा भावाचा फोन आला होता. मायचे गुडघे आता फार दुखतात, पाण्यात उतरू नको असं डॉक्टरांनी सांगितलंय. भाऊ मला म्हणाला, तू तिला समजाव, तुझं ती ऐकते. मी गावी गेले. संध्याकाळची वेळ होती. माय काठावर बसून होती, हातात काठी, कोंबड्या भोवती. मी सांगायला सुरुवात करायच्या आत ती म्हणाली, "फोन आला व्हता न्हवं त्याचा? काय म्हनलीस त्येला?"

मी म्हटलं, अजून काही म्हणाले नाही. आधी तुला विचारायला आले.

तिनं माझ्याकडं नीट बघितलं. मग काठी माझ्या हातात दिली आणि म्हणाली, "मंग आता इचारलंस तर ऐक. म्या न्हाई जात. जा, पान्याच्या अंगानं शिर." मी चपला काढल्या, साडी खोचली आणि डबक्यात उतरले.